रेशन दुकान नेमकं कोणाचं?

आजीच्या गावातल्या रेशन दुकानाच्या शटरवर एके दिवशी एक कागद चिकटवलेला होता. सरकारी मराठीतला. त्याचा अर्थ इतकाच, की या रास्त भाव दुकानाचं प्राधिकारपत्र पुढील आदेशापर्यंत निलंबित केलं आहे आणि दुकानाच्या शिधापत्रिका लगतच्या दुकानास जोडल्या आहेत. ‘लगतचं’ दुकान चार किलोमीटरवर होतं. मग काही महिन्यांनी दुकानदाराला स्थगिती मिळाली, दुकान उघडलं. पुढे स्थगिती उठली, दुकान बंद. हे तीन वर्षं चाललं. आजी एवढंच म्हणायची, “भांडण त्यांचं, पायपीट माझी.”

मी व्यवसायाने सॉफ्टवेअरवाला. एखादी गोष्ट का बंद पडली हे शोधायला जुने लॉग उपसत बसायची सवय. त्या सवयीने मी रेशन दुकानांच्या परवान्यांवरचे न्यायालयीन निकाल वाचायला घेतले. अपेक्षा होती भ्रष्टाचाराच्या कथांची. त्या सापडल्याच, पण त्यांच्या मुळाशी एक जुना आणि साधा प्रश्न सापडला. रेशन दुकान हा दुकानदाराचा धंदा आहे, की सरकारने त्याच्यावर सोपवलेलं काम? हा प्रश्न जवळपास ऐंशी वर्षं चालू आहे, आणि त्याचं उत्तर काय येतं यावर शटर उघडं की बंद ते ठरतं.

दुकानं कोणाला द्यायची?

शहरी रेशनिंग भारतात आलं ते दुसऱ्या महायुद्धात. ब्रह्मदेश जपानच्या ताब्यात गेल्यावर तिकडून येणारा तांदूळ थांबला. मुंबई प्रांत तसाही बाहेरच्या धान्यावर अवलंबून. मे १९४३ मध्ये मुंबई शहरात रेशनिंग सुरू झालं, देशातल्या मोठ्या शहरांमध्ये सर्वांत आधी. आधार होता भारत संरक्षण नियमांचा, म्हणजे युद्धकाळातल्या विशेष अधिकारांचा. माणशी किती धान्य, कोणत्या दुकानातून, कोणत्या दराने, सगळं सरकार ठरवणार.

त्याच वर्षी बंगालमध्ये माणसं उपासमारीने मरत होती. तरी कलकत्त्यात रेशनिंग सुरू व्हायला ३१ जानेवारी १९४४ उजाडावा लागला. पुढे दुष्काळ चौकशी आयोगाने १९४५ च्या अहवालात या दिरंगाईची कारणं नोंदवली. त्यांतलं एक कारण आपल्या विषयाचंच आहे. धान्य खासगी दुकानदारांमार्फत वाटायचं की सरकारने स्वतःची दुकानं काढायची, आणि त्यांतल्या नेमणुकांमध्ये हिंदू-मुसलमानांचं प्रमाण काय असावं, यावर प्रांतिक सरकारात आणि दिल्लीशी वाद चालू होते. याच आयोगाने बंगालमधल्या मृत्यूंचा अंदाज पंधरा लाखांच्या घरात मांडला. नंतरच्या अभ्यासकांचे आकडे त्याहून मोठे आहेत. हे सगळे मृत्यू त्या एका वादामुळे झाले असं कोणी म्हणणार नाही. मुख्य बळी खेड्यांतले होते आणि वाद शहरातल्या दुकानांचा होता. पण रेशन दुकान कोणाला मिळावं हा प्रश्न पहिल्या दिवसापासून धान्याच्या प्रश्नाइतकाच तापलेला होता, हे यातून दिसतं. दुकान म्हणजे नुसता तराजू नव्हता. ज्याच्या हाती दुकान त्याच्या हाती वस्ती.

कानपूरचा कोळसा

युद्ध संपलं तसे युद्धकाळातले अधिकारही संपणार होते. म्हणून १९४६ मध्ये जीवनावश्यक पुरवठ्याचा ‘तात्पुरता’ कायदा आला. डिसेंबर १९४७ मध्ये, गांधीजींच्या आग्रहानंतर, धान्यावरचं नियंत्रण उठवायला सुरुवात झाली. भाव चढले आणि १९४८ मध्ये ते परत लावावं लागलं. तात्पुरता कायदा वाढत वाढत शेवटी १९५५ च्या जीवनावश्यक वस्तू अधिनियमात कायमचा झाला. आजचं रेशन दुकानांचं सगळं कायदेशीर बांधकाम या अधिनियमाच्या कलम ३ वर उभं आहे.

दरम्यान १९५० मध्ये संविधान आलं होतं आणि त्यात कोणताही व्यवसाय, व्यापार किंवा धंदा करण्याचा मूलभूत हक्क होता. आता युद्धकाळातली परवाना पद्धत आणि हा नवा हक्क यांची गाठ पडणं अटळ होतं. ती पडली कोळशावरून. कानपूरमध्ये कोळशाच्या वखारी चालवणाऱ्या एका पेढीचा परवाना अधिकाऱ्यांनी रद्द केला. पेढी थेट सर्वोच्च न्यायालयात गेली. जानेवारी १९५४ मध्ये लागलेला ‘द्वारकाप्रसाद लक्ष्मीनारायण विरुद्ध उत्तर प्रदेश सरकार’ हा निकाल आजही परवान्यांच्या खटल्यांमध्ये उद्धृत होतो.

उत्तर प्रदेशच्या कोळसा नियंत्रण आदेशात परवाना देणं, नाकारणं, नूतनीकरण करणं, निलंबित किंवा रद्द करणं हे सगळं अधिकाऱ्याच्या मर्जीवर सोडलं होतं. कशाच्या आधारे द्यायचा किंवा काढून घ्यायचा, याचा एकही निकष नव्हता. वर हा अधिकार कोळसा नियंत्रक वाटेल त्या व्यक्तीकडे सोपवू शकत होता. सरकारचा बचाव असा, की कारणं लिहून ठेवण्याची अट आहे ना? न्यायालयाने विचारलं, ती कारणं तपासणारा वरचा कोणी आहे का? नव्हता. म्हणजे अधिकाऱ्याने आपल्याच समाधानासाठी लिहिलेली ती टिपणं. ते कलम घटनाबाह्य ठरलं.

या निकालातून दोन गोष्टी राहिल्या. परवान्याला निकष हवेत आणि निर्णयावर कोणाची तरी नजर हवी. पुढच्या आदेशांमध्ये अपिलाच्या पायऱ्या आल्या, त्यामागे ही समज आहे. पण कोळसा व्यापाऱ्याचा कोळसा त्याचा स्वतःचा होता. रेशन दुकानातला गहू दुकानदाराचा असतो का?

परवाना आणि प्राधिकारपत्र

महाराष्ट्रात या विषयाचे दोन मुख्य आदेश आहेत. मुंबई-ठाणे परिसरातल्या शिधावाटप क्षेत्रासाठी १९६६ चा महाराष्ट्र अन्नधान्य शिधावाटप (दुसरा) आदेश. बाकी राज्यासाठी १९७५ चा महाराष्ट्र अनुसूचित वस्तू (वितरणाचे विनियमन) आदेश. मधल्या काळात १९७२ चा दुष्काळ आणि महागाई होऊन गेली होती. मृणाल गोरे, अहिल्या रांगणेकर यांच्या पुढाकाराने बायका लाटणी घेऊन रस्त्यावर उतरल्या होत्या. रेशन हा तेव्हा घराघरातला राजकीय प्रश्न होता.

या आदेशांमधला एक शब्द मला महत्त्वाचा वाटतो. बोलताना आपण सगळे ‘रेशनचा परवाना’ म्हणतो, पण रास्त भाव दुकानदाराकडे असतं ते ‘प्राधिकारपत्र’. परवाना म्हणजे तुझा धंदा तू कर, आमची हरकत नाही. प्राधिकारपत्र म्हणजे आमचं काम आमच्या वतीने तू कर. पहिल्यात हक्काचा वास आहे, दुसऱ्यात नेमणुकीचा. १९५५ च्या अधिनियमात वितरणाचं नियमन परवाने, परमिट ‘किंवा अन्य प्रकारे’ करण्याची मुभा आहे. प्राधिकारपत्राला त्या ‘अन्य’ मध्ये जागा आहे.

आदेशांच्या अंमलबजावणीची उतरंड अशी. जिल्ह्यात जिल्हा पुरवठा अधिकारी प्राधिकारपत्र देतो, निलंबित करतो, रद्द करतो. त्यावर अपील विभागीय आयुक्तालयातल्या उपायुक्ताकडे (पुरवठा). त्याच्याही वर राज्य शासनाकडे पुनरीक्षण, जे व्यवहारात खात्याच्या मंत्र्यांसमोर चालतं. आणि मग उच्च न्यायालय. १९५४ साली कानपूरच्या कोळसा व्यापाऱ्याला एकही पायरी नव्हती, इथे चार आहेत. प्रत्येक पायरीवर स्थगिती मागता येते.

१९८१: नावात ‘सरकारी’, मागणी खासगी

धंदा की नेमणूक, याचा सरळ सामना १९८१ मध्ये झाला. मध्य प्रदेशात १९६० च्या आदेशाखाली खासगी किरकोळ व्यापारी रास्त भाव दुकानं चालवत होते. १९८१ मध्ये सरकारने नवी योजना आणून ही दुकानं सहकारी संस्थांकडे द्यायचं ठरवलं. बाहेर पडावं लागणाऱ्या दुकानदारांच्या संघटना सर्वोच्च न्यायालयात गेल्या. त्यांतल्या एका संघटनेचं नाव होतं ‘सरकारी सस्ता अनाज विक्रेता संघ’. नावातच ‘सरकारी’, आणि याचिका खासगी व्यापाराच्या स्वातंत्र्याची! मला यात थट्टा दिसत नाही, उलट रेशन दुकानदाराचं सगळं दुखणं त्या नावात दिसतं. दुकानाचा गाळा त्याचा, भांडवल त्याचं, नोकर त्याचा. धान्य, दर आणि गिऱ्हाईक सरकारने ठरवलेलं.

त्या वर्षीच्या दोन निकालांत न्यायालयाने दुकानदारांच्या विरोधात कौल दिला. तर्क सरळ होता. धान्याचा व्यापार करायचा हक्क तुमच्याकडे आहेच, खुल्या बाजारात दुकान काढा. पण सरकारने आपलं धान्य वाटायला तुम्हालाच एजंट नेमलं पाहिजे, असा कोणताही मूलभूत हक्क नाही. सहकारी संस्था हा वेगळा वर्ग आहे आणि त्याला प्राधान्य देणं हा भेदभाव नव्हे.

म्हणजे प्रश्न सुटला? पूर्ण नाही. नेमणूक मिळण्याचा हक्क नाही, हे ठरलं. मिळालेली नेमणूक काढून घेताना मात्र सरकारला मनमानी करता येत नाही, कारण समानतेचा हक्क आणि नैसर्गिक न्यायाचं तत्त्व सरकारच्या प्रत्येक कृतीला लागू आहे. तेव्हापासूनचे बहुतेक खटले याच फटीत राहतात.

पंचनाम्यापासून स्थगितीपर्यंत

एक नेहमीचं प्रकरण कसं चालतं ते सांगतो. गावातून तक्रार जाते. पुरवठा निरीक्षक येतो, दप्तर तपासतो, पोती मोजतो, पंचनामा करतो, कार्डधारकांचे जबाब घेतो. साठा रजिस्टर आणि प्रत्यक्ष साठा जुळत नाही, भावफलक नाही, पावत्या दिलेल्या नाहीत, अशी यादी होते. ‘कारणे दाखवा’ नोटीस निघते. दुकानदार खुलासा देतो. ‘खुलासा समाधानकारक नाही’ या एका वाक्यावर प्राधिकारपत्र रद्द होतं आणि अनामत जप्त होते.

आता दुकानदाराचा वकील काय करतो? तक्रार खोटी आहे हे सिद्ध करण्याच्या भानगडीत तो फारसा पडत नाही. तो विचारतो, तपासणी अहवालाची प्रत दिली होती का? ज्यांचे जबाब घेतले त्यांची उलटतपासणी करू दिली का? नोटिशीतले आरोप आणि आदेशातले आरोप तेच आहेत का? खुलासा का समाधानकारक नाही, याचं एकतरी कारण लिहिलं आहे का? यांतलं एखादं जरी चुकलं तरी आदेश टिकत नाही, प्रकरण फेरचौकशीला परत जातं. न्यायाधीशांचं यात चुकत नाही. उद्या एखाद्या प्रामाणिक दुकानदारावर गावच्या राजकारणातून कुभांड रचलं गेलं, तर त्याला वाचवणारे प्रश्न हेच आहेत. पण घाईत लिहिलेल्या आदेशामुळे चोरही सुटतो आणि सज्जनही अडकतो, आणि दोघांच्या कागदांत वरून काहीच फरक दिसत नाही.

तिसरी पायरी मंत्र्यांची. तिथे खात्याचा राजकीय प्रमुखच न्यायाधीशासारखा बसतो. स्थानिक राजकारणात दुकानदाराचं वजन असतं आणि तक्रारदाराचंही कधी कधी असतं. स्थगिती मिळाली की दुकान चालू, सुनावणी लांबणीवर. कार्ड मात्र दर आदेशागणिक इकडून तिकडे जोडलं जातं.

याशिवाय वारसांचे आणि नव्या दुकानदारांचे खटले आहेत. एकाचं प्राधिकारपत्र रद्द झालं म्हणून दुकान दुसऱ्याला दिलं, पुढे पहिला खटला जिंकला, तर दुसऱ्याचं काय? उत्तर प्रदेशातल्या अशा एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये म्हटलं, की नव्या दुकानदाराचा हक्क जुन्याच्या रद्द होण्यावर टेकलेला असतो. ते रद्द होणंच पुसलं गेलं तर त्याला वेगळा हक्क उरत नाही. उत्तर प्रदेशातच दुकानदाराच्या मृत्यूनंतर दुकान कुटुंबाकडे देण्याच्या नियमात ‘कुटुंब’ या व्याख्येत सून नव्हती. एका विधवा सुनेने दाद मागितली आणि डिसेंबर २०२१ मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयाने तिचा समावेश करायला सांगितलं. निकाल न्याय्य आहे. पण गंमत बघा, नेमणुकीला वारसा कसा लागतो? तलाठ्याच्या सुनेला तलाठ्याची खुर्ची आपोआप मिळत नाही. कायदा प्राधिकारपत्र म्हणतो, समाज त्याला वतन समजतो, आणि नियम दोघांच्या मधे कुठेतरी उभे आहेत.

तिसरा पक्षकार

इतका वेळ या खटल्यांत दोनच पक्ष होते, सरकार आणि दुकानदार. कार्डधारक फार तर पंचनाम्यावर अंगठा उठवण्यापुरता. त्याला पक्षकार केलं ते २००१ च्या एका याचिकेने. राजस्थानात दुष्काळ होता, अन्न महामंडळाची गोदामं भरलेली होती आणि लोक उपाशी होते. पीपल्स युनियन फॉर सिव्हिल लिबर्टीज सर्वोच्च न्यायालयात गेली आणि अन्नाचा हक्क जगण्याच्या हक्काला जोडला गेला.

या प्रकरणात वर्षानुवर्षं अंतरिम आदेश निघत राहिले. २ मे २००३ च्या आदेशात दुकानांच्या परवान्यांबद्दल स्पष्ट सूचना आहेत. जो दुकानदार महिनाभर दुकान उघडं ठेवत नाही, दारिद्र्यरेषेखालच्या कुटुंबांना ठरलेल्या दराने धान्य देत नाही, त्यांची कार्डं स्वतःकडे ठेवून घेतो, कार्डांवर खोट्या नोंदी करतो, काळाबाजार करतो किंवा दुकान दुसऱ्याच्या हवाली करतो, त्याचा परवाना रद्द करा. मुंबईत रेशनिंग सुरू झालं त्याला त्या महिन्यात साठ वर्षं झाली होती. साठ वर्षांनी परवान्याचे निकष गिऱ्हाइकाच्या बाजूने लिहिले गेले. १९५४ ने विचारलं होतं, दुकानदारावर अन्याय होऊ नये म्हणून निकष कोणते? २००३ ने विचारलं, कार्डधारकावर होऊ नये म्हणून कोणते?

यातली बरीच समज २०१३ च्या राष्ट्रीय अन्न सुरक्षा अधिनियमात उतरली. त्याच्या कलम १२ मध्ये दुकानं देताना पंचायती, बचत गट, सहकारी संस्था अशा सार्वजनिक संस्थांना प्राधान्य आणि व्यवस्थापन स्त्रियांकडे किंवा त्यांच्या समूहांकडे, असं म्हटलं आहे. महाराष्ट्रात याची सुरुवात आधीच झाली होती. नोव्हेंबर २००७ च्या शासन निर्णयाने महिला बचत गटांना प्राधान्य दिलं, आणि जुलै २०१७ च्या निर्णयाने क्रम लावून दिला: आधी पंचायत, मग नोंदणीकृत बचत गट, मग सहकारी संस्था, मग सार्वजनिक न्यास. १९८१ ला मध्य प्रदेशातल्या दुकानदारांनी हरलेला मुद्दा आता देशाचं धोरण झाला.

आणि त्यासोबत खटल्यांचं नवं पीकही आलं. ग्रामसभेचा ठराव खरा की मागाहून लिहिलेला? बचत गट जाहीरनाम्याआधीचा की दुकानासाठीच काढलेला? गटाच्या नावामागे जुनाच दुकानदार तर नाही? प्रश्न तोच, फक्त अर्जदार बदलले.

दुकान परवडतं का?

या सगळ्यात एक हिशेब न्यायालयात क्वचितच मांडला जातो. महाराष्ट्रात दुकानदाराला क्विंटलमागे १५० रुपये कमिशन होतं, २०२५ मध्ये ते १७० करण्याचा निर्णय झाला. समजा एका दुकानाला ५०० कार्डं आहेत, दर कार्डावर चार माणसं, माणशी ५ किलो. म्हणजे महिन्याला १०० क्विंटल. जुन्या दराने १५,००० रुपये, नव्याने १७,०००. त्यातून गाळ्याचं भाडं, मापाड्याची मजुरी, वीज आणि धान्यातली घट. अनेक दुकानांना तर इतकी कार्डंही नाहीत.

मग अशा दुकानासाठी लोक चार पायऱ्या चढून उच्च न्यायालयापर्यंत का जातात? एक उत्तर सगळ्यांना माहीत आहे, आणि ते खोटं नाही. पण तेच एक उत्तर नाही. गावात दुसरा रोजगार नसतो, दुकानाला मान असतो, बापाने चालवलेलं असतं, आणि ‘रेशन खाल्लं म्हणून दुकान गेलं’ हा डाग पुसायचा असतो. त्यातले काही निर्दोष असतात. नेमणूक म्हणायचं, पण पगार द्यायचा नाही. धंदा म्हणायचा, पण नफा ठरवू द्यायचा नाही. सरकारने दोन्हीकडची सोय स्वतःकडे ठेवली आहे, आणि खटल्यांची ही गिरणी त्या सोयीवरच चालते.

गेल्या काही वर्षांत दुकानात ई-पॉस यंत्र आलं. अंगठा उमटतो, नोंद सर्व्हरवर जाते, रजिस्टरात खाडाखोड करायची जागा राहत नाही. माझ्या पेशातल्या माणसाला हे आवडायला हवं, आणि आवडतंही. पण लॉग इतकंच सांगतो, की अमुक वाजता अमुक अंगठा उमटला. पंचवीस किलोच्या नोंदीवर पिशवीत बावीस पडले का, हे तो सांगत नाही. ते सांगायला अजूनही कार्डधारकाचा जबाबच लागतो. यंत्राने एक मोठी सोय मात्र केली आहे. कार्ड कुठल्याही दुकानात चालतं, त्यामुळे तत्त्वतः ‘लगतच्या दुकानास जोडणे’ हा प्रकारच उरू नये. पण ज्या गावात एकच दुकान आहे, तिथे हे स्वातंत्र्य चार किलोमीटर चालून वापरावं लागतं.

आजीच्या गावचा तो खटला शेवटी फेरचौकशीसाठी परत आला. कारण काय, तर आदेशात कारणंच दिलेली नव्हती. १९५४ च्या कोळशाच्या निकालातला मुद्दा, इतक्या वर्षांनंतर, इतक्या पायऱ्या असूनही, तसाच. दुकानदार दोषी होता की नाही हे मला आजही सांगता येणार नाही, कारण त्या तीन वर्षांत कोणी ते ठरवलंच नाही. त्या सगळ्या कागदांत आजीच्या कार्डाचा उल्लेख एकदाच येतो, आणि तोही एकटीचा नाही. ‘सदर दुकानास जोडलेल्या शिधापत्रिका’ या शब्दांमध्ये ती आहे.